आधी चित्र, मग उत्तर

दहावीचे वर्ष उजाडले की मराठी घरांत दोन शब्द जरा दबक्या आवाजात उच्चारले जाऊ लागतात. एक 'बोर्ड' आणि दुसरा 'बीजगणित'. भूमितीत निदान आकृती तरी असते, तिच्याकडे पाहून काही सुचते. बीजगणितात सारा 'क्ष'चा कारभार! हा क्ष कुठून येतो, कुठे जातो आणि त्याची किंमत काढून कोणाचे भले होते, हे कोणी सांगत नाही. मुले सूत्र पाठ करतात, पेपरात उतरवतात आणि निकाल लागला की विसरून जातात.

गेली काही वर्षे मी रविवारी सकाळी वरळी कोळीवाड्यात दहावीच्या दहाबारा मुलामुलींना गणित शिकवतो. तिथल्या एका विद्यार्थिनीची आई मासळी विकते. एकदा त्या मला म्हणाल्या, "सर, पोरीला बाकी सगळं येतं. पण बीजगणित नको म्हणते. आमच्या घरात गणिताचं डोकंच नाही हो!" हे सांगताना त्यांनी समोरच्या गिऱ्हाइकाला पापलेटांच्या दोन वाट्यांचा हिशेब तोंडी करून पैसे परतही दिले होते. शिवाय त्यांच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या भरती-ओहोटीचे गणित चालत आलेले. ज्या घरात समीकरण रोज वापरले जाते, त्याच घराने 'आम्हाला गणिताचे डोके नाही' असे मानून बसावे, ही मला फार खटकणारी गोष्ट वाटते. मुलगी त्यावरच पुढची वाट ठरवणार असते. दहावीनंतर गणित सोडले की कितीतरी दारे आपोआप बंद होतात.

म्हणून आज थोडे समीकरणांविषयी. घाबरू नका, वाचकहो, परीक्षा नाही! सांगायचे आहे ते एवढेच की समीकरण सोडवायच्या आधी त्याचे चित्र काढावे. चित्र किती उत्तरे आहेत ते सांगते, बीजगणित ती नेमकी काढून देते आणि त्यांतले खरे कोणते ते आपण ठरवायचे असते. या तिन्ही गोष्टी एकत्र आल्या तरच समीकरण सुटले असे म्हणावे.

तिथीची पाऊणपट

कोळीवाड्यातल्या जुन्या माणसाला भरती केव्हा म्हणून विचारा, तो आधी तिथी विचारील. आपल्या किनाऱ्यावर एक सोपा ठोकताळा चालतो. तिथीचा आकडा घ्यावा, त्याची पाऊणपट करावी, तितक्या वाजता भरती. चतुर्थीला तीन वाजता, षष्ठीला साडेचारला, अष्टमीला सहाला. पक्ष शुद्ध असो वा वद्य, हिशेब तोच. दिवसात भरत्या दोन येतात, त्यामुळे हीच वेळ पहाटेलाही लागू आणि दुपारलाही, थोड्या मिनिटांच्या फरकाने.

आता तिथीला क्ष म्हणा आणि वेळेला य. नियम झाला: य = ३/४ क्ष. हे पहिल्या घाताचे, म्हणजे रेषीय समीकरण. आलेखाच्या कागदावर आडव्या अक्षावर तिथी आणि उभ्या अक्षावर तास मांडले तर सरळ रेषा मिळते. पाच वाजता भरती हवी असेल तर तिथी कोणती? पाचाला पाऊणने भागून सहा पूर्णांक दोन तृतीयांश येतात, म्हणजे षष्ठी आणि सप्तमीच्या दरम्यान. रेषेवर बोट ठेवले तरी तेच दिसते.

पण चित्राची खरी गंमत पुढे आहे. पौर्णिमेला, म्हणजे पंधराव्या तिथीला, हा नियम सव्वाअकरा सांगतो. दुसऱ्या दिवशीच्या प्रतिपदेला पाऊण सांगतो. एरवी एका तिथीला पंचेचाळीस मिनिटे पुढे सरकणारी भरती इथे एकदम दीड तासाने उडी मारते! समुद्र काही अशी उडी मारत नाही. आलेख काढला की ही फट लगेच डोळ्यांत भरते, नुसत्या गुणाकारात ती लपून राहते. कारणही सरळ आहे. एका पक्षात, पंधरा तिथींत, भरतीची वेळ बारा तास सरकते. बारा तासांना पंधराने भागले तर ४८ मिनिटे येतात, म्हणजे बरोबर दोन घटका. पाऊणपट करणे तोंडी सोपे म्हणून ४८ ची ४५ झाली आणि पक्षाअखेर पाऊण तासाची तूट साचली. पाणी चढल्यावर काही काळ थबकलेलेच असते, त्यामुळे होडी काढायला एवढा हिशेब पुरतो. मात्र नियम कुठे बसतो आणि कुठे सैल पडतो, हे रेषेनेच दाखवले.

एक खांब कमी

दुसऱ्या घाताकडे जायला कोळीवाड्यातून फार लांब जायला नको. वांद्रे-वरळी सागरी सेतू २००९ साली सुरू झाला. पुढे मरीन ड्राइव्हकडून येणारा किनारी रस्ता त्याला जोडायचे ठरले, तेव्हा जोडपुलाचे खांब नेमके होड्यांच्या येण्याजाण्याच्या वाटेत येत होते. आराखड्यात दोन खांबांमध्ये ६० मीटर अंतर होते. मच्छीमारांचे म्हणणे असे, की वारा आणि पाण्याची ओढ आडवी असताना एवढ्या अंतरातून होडी नेणे धोक्याचे आहे, २०० मीटर तरी ठेवा. काम अडले, बैठका झाल्या. अखेर डिसेंबर २०२२ मध्ये मधला एक खांब गाळून १२० मीटर अंतर ठेवण्याचे ठरले.

खांब काढला तर मधला भार उचलायचा कोणी? त्यासाठी धनुष्याच्या आकाराच्या दोन महाकाय पोलादी तुळया २०२४ च्या एप्रिल आणि मे महिन्यांत समुद्रमार्गे आणून बसवल्या. त्याच वर्षी सप्टेंबरात या पुलावरून वाहतूक सुरू झाली. अशा रचनेत रस्त्याचे वजन उभ्या ताणदांड्यांमधून वरच्या कमानीवर जाते. कमानीची टोके बाहेर फाकू पाहतात आणि खालचा भाग धनुष्याच्या दोरीसारखा त्यांना आवळून धरतो.

सारख्या पसरलेल्या भाराला सोयीचा म्हणून अशा कमानींचा आकार पुष्कळदा 'अन्वस्त' या वक्राला धरून ठरवतात. अन्वस्त म्हणजे वर्गसमीकरणाचे चित्र. आपण हिशेबापुरती एक कमान कल्पू. पायथा १२० मीटर, हा आकडा कोळीवाड्याकडून उसना घेतलेला, आणि मध्यावरची उंची ३० मीटर, ही माझ्या सोयीची. एका टोकापासून क्ष मीटर अंतरावर कमानीची उंची क्ष × (१२० − क्ष) ÷ १२० इतकी येते. क्ष शून्य असता उंची शून्य, १२० असताही शून्य आणि ६० असता ३०.

आता विचारू, कमान साडेबावीस मीटर उंच कुठे आहे? मांडणी केल्यावर समीकरण येते: क्ष² − १२०क्ष + २७०० = ०. ज्यांची बेरीज १२० आणि गुणाकार २७०० असे दोन आकडे शोधायचे. ते आहेत ३० आणि ९०. मुले इथे हमखास थांबतात. "सर, एका प्रश्नाची दोन उत्तरं कशी?" फळ्यावर कमान काढून साडेबावीसच्या उंचीवर आडवी रेघ मारली की प्रश्नच उरत नाही. रेघ कमानीला दोन ठिकाणी छेदते, एकदा चढताना आणि एकदा उतरताना.

रेघ वर सरकवत तीस मीटरवर नेली तर ती माथ्याला नुसती टेकते. दोन्ही उत्तरे एकमेकांत मिसळून एकच होतात, क्ष = ६०. आणि एकतीस मीटरवर नेली तर? रेघ कमानीला शिवतच नाही. वहीत मुले समीकरण मांडतात, विवेचक काढतात, तो −४८० येतो आणि ती लिहितात, 'विवेचक ऋण आहे म्हणून वास्तव मुळे नाहीत'. हे वाक्य पाठ करण्याऐवजी एकदा ती रेघ कमानीवरून जाताना पाहावी. विवेचक धन, शून्य की ऋण, याचा अर्थ रेघ छेदते, टेकते की हुकते एवढाच आहे.

माझ्याकडे येणाऱ्या मुलांच्या दप्तरात आलेखाचा कागद असतो, पण तो रेषीय समीकरणांपुरता. वर्गसमीकरण आले की अवयव पाडणे, पूर्ण वर्ग करणे आणि सूत्र वापरणे, या तीन रीतींमागे सगळे लागतात आणि कागद दप्तरातच राहतो.

भास्कराचार्यांची वानरे

'बीजगणित' हे नाव आपल्याला काही इंग्रजांच्या शाळेने दिलेले नाही. भास्कराचार्यांच्या बाराव्या शतकातल्या ग्रंथाचेच ते नाव. त्यांचा जन्म १११४ सालचा. त्यांच्या घराण्याची खात्रीची खूण महाराष्ट्रातच सापडली. चाळीसगावजवळच्या पाटण येथील शिलालेख डॉ. भाऊ दाजी लाड यांनी उजेडात आणला. भायखळ्याच्या वस्तुसंग्रहालयाला ज्यांचे नाव आहे तेच हे मुंबईचे भाऊ दाजी. भास्कराचार्यांचे नातू चांगदेव यांनी आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापल्याची हकीकत त्या लेखात आहे.

भास्कराचार्यांनी वर्गसमीकरणे वानरांच्या गोष्टींतून शिकवली. एका कळपाच्या आठव्या भागाचा वर्ग, इतकी वानरे रानात खेळत आहेत आणि उरलेली बारा टेकडीवर आहेत. कळप किती? उत्तरे येतात ४८ आणि १६. अठ्ठेचाळीसचा आठवा भाग सहा, त्याचा वर्ग छत्तीस, अधिक बारा म्हणजे अठ्ठेचाळीस. सोळाचा आठवा भाग दोन, त्याचा वर्ग चार, अधिक बारा म्हणजे सोळा. दोन्ही बरोबर.

दुसऱ्या कळपात पाचव्या भागातून तीन वजा करून जे उरतात त्यांच्या वर्गाइतकी वानरे गुहेत गेली आणि एक बाहेर दिसते आहे. इथे उत्तरे ५० आणि ५. पन्नासचा पाचवा भाग दहा, तीन वजा करून सात, त्याचा वर्ग एकोणपन्नास आणि बाहेरचे एक. ठीक. पण पाचाचा पाचवा भाग एक, त्यातून तीन गेले की उणे दोन! त्याचा वर्ग चार आणि एक मिळून पाच, म्हणजे आकडेमोड चोख जुळते. तरीही भास्कराचार्य हे उत्तर घेऊ नये म्हणतात, कारण उणे वानरांवर लोकांचा विश्वास बसत नाही.

हे उदाहरण दिले तेव्हा त्या मासळीवाल्या बाईंच्या मुलीने विचारले, "सर, मग समीकरण चुकलं का?" मला हा प्रश्न फार आवडला. समीकरण चुकलेले नाही. त्याला वानरे ठाऊकच नाहीत, त्याला फक्त आकडे कळतात. जी जी संख्या त्यात बसते ती ती ते प्रामाणिकपणे पुढे करते. वानर उणे नसते हे ज्ञान आपले. निवड करणे हे आपलेच काम, ते सूत्रावर ढकलता येत नाही.

पत्र्याचा ट्रे

तिसऱ्या घाताचे उदाहरण घरातले घेऊ. साठ सेंटिमीटर लांबीरुंदीचा चौरस पत्रा आहे. चारही कोपऱ्यांतून सारखे चौरस कापून कडा वर दुमडल्या की मासळीवर बर्फ टाकून ठेवायला ट्रे तयार होतो. ट्रेमध्ये बरोबर साडेबारा लिटर मावायला हवे, तर कोपरा केवढा कापावा?

कोपरा क्ष सेंटिमीटर धरला तर ट्रेची खोली क्ष आणि तळाची बाजू ६० − २क्ष. आधी नुसते आकडे घालून पाहू. दोन सेंटिमीटर कापले तर सुमारे सव्वासहा लिटर. पाच कापले तर साडेबारा. दहा कापले तर सोळा. पंधरा कापले तर साडेतेरा, वीसला आठ, पंचवीसला अडीच आणि तीसला शून्य, कारण तळच उरत नाही. हे बिंदू कागदावर मांडून जोडले की टेकडीसारखा वक्र मिळतो. चढण उभी, माथा दहावर, मग लांब उतरण. साडेबाराच्या उंचीवर आडवी रेघ मारली की ती दोनदा छेदते, एकदा बरोबर पाचावर आणि दुसऱ्यांदा पंधरा-विसाच्या दरम्यान.

चित्राने पाच हे उत्तर हातात दिले, आता बीजगणिताची पाळी. समीकरण आहे: क्ष³ − ६०क्ष² + ९००क्ष − ३१२५ = ०. पाच हे मूळ आहे म्हणजे (क्ष − ५) हा अवयव. भागाकार केला की उरते क्ष² − ५५क्ष + ६२५ = ०. हे तर वर्गसमीकरण, सूत्र आपल्या ओळखीचे! त्यातून येतात सुमारे १६.०४ आणि ३८.९६. तिसरे उत्तर वानरांच्या जातीचे. साठ सेंटिमीटरच्या पत्र्यातून दोन्ही बाजूंनी ३८.९६ कापणार कसे? ते सोडायचे. उरले दोन ट्रे, एक पाच सेंटिमीटर खोल आणि पसरट, दुसरा सोळा सेंटिमीटर खोल आणि अरुंद. मासळी एका थरात मांडायची तर पहिला बरा, हे गणित नव्हे, मासळीवाली सांगेल.

शिवाय चित्राने न विचारलेलेही सांगितले. या पत्र्यातून सोळा लिटरपेक्षा मोठा ट्रे होणारच नाही. कोणी वीस लिटरचा मागितला तर समीकरण सोडवत बसण्यापेक्षा मोठा पत्रा आणावा!

पायऱ्या संपतात तेव्हा

मग प्रत्येक घाताला एखादे सूत्र का नाही, असे कोणी विचारील. हा प्रश्न माणसाने शेकडो वर्षे विचारला. भास्कराचार्यांनी चौथ्या घाताचे एक समीकरण दिले आहे: क्ष⁴ − २क्ष² − ४००क्ष = ९९९९. दोन्ही बाजूंत ४क्ष² + ४००क्ष + १ मिळवले की दोन्ही बाजू पूर्ण वर्ग होतात आणि क्ष = ११ हाती येतो. नेमके हेच मिळवावे हे सुचायचे कसे? अशा जागी बुद्धीच चालवावी लागते, असा त्यांचा रोख आहे. इराणात उमर खय्याम यांनी तिसऱ्या घाताची समीकरणे दोन वक्र एकमेकांना कुठे छेदतात ते पाहून सोडवली होती. रुबायांमुळे ओळखला जाणारा हा कवी आधी मोठा गणिती होता. इटलीत कार्दानोच्या १५४५ सालच्या ग्रंथात तिसऱ्या आणि चौथ्या घाताच्या रीती छापल्या गेल्या. १६३७ मध्ये फ्रान्सच्या देकार्तने समीकरण आणि वक्र यांची कायमची गाठ घातली. आपल्या आलेखाच्या कागदाचे मूळ तिथे.

पुढची पायरी मात्र निघाली नाही. १८२४ मध्ये नॉर्वेच्या आबेल या तरुणाने सिद्ध केले, की पाचव्या घाताच्या समीकरणाला वर्गसमीकरणासारखे सर्वसाधारण सूत्र असूच शकत नाही. सापडले नाही असे नव्हे, असणेच शक्य नाही! तेव्हा तो अवघा बावीस वर्षांचा होता.

म्हणजे सूत्राचा रस्ता चार पायऱ्यांनी संपतो, आलेखाचा संपत नाही. वक्र एका ठिकाणी अक्षाच्या खाली आणि पुढे वर असेल तर मध्ये कुठे तरी त्याने अक्ष ओलांडलाच पाहिजे. ते अंतर निम्मे करा, कोणत्या निम्म्यात ओलांडतो ते पाहा, पुन्हा निम्मे करा. डोल जाळे तोंडाशी रुंद आणि शेवटाकडे निमुळते होत जाते, तसे उत्तर आकसत एका टोकाला येते. संगणकही मोठी समीकरणे सोडवताना अशाच जातीच्या रीती वापरतात.

बहुपदींना आयुष्य वाहिलेला एक थोर मराठी गणिती आपल्या काळात होऊन गेला, श्रीराम शंकर अभ्यंकर. जन्म १९३० चा, उज्जैनचा. वडील गणिताचे प्राध्यापक. श्रीराम शिकायला मुंबईत रॉयल इन्स्टिट्यूट ऑफ सायन्समध्ये आले. काळा घोड्याजवळची ती दगडी इमारत आजही उभी आहे. पुढे हार्वर्डला डॉक्टरेट, मग अमेरिकेत पर्ड्यू विद्यापीठात अनेक वर्षे अध्यापन. १९७६ मध्ये त्यांनी पुण्यात भास्कराचार्य प्रतिष्ठान स्थापन केले, नावातच नाते सांगितले. २०१२ मध्ये त्यांचे निधन झाले. वक्र जिथे स्वतःलाच छेदतो किंवा अणकुचीदार टोक काढतो, अशा अवघड जागा समीकरणांच्या साह्याने सोडवणे हे त्यांचे मोठे काम. नव्या अमूर्त परिभाषेचा बोलबाला असताना ते शाळेतल्या बीजगणिताचे सामर्थ्य ठासून सांगत राहिले. बहुपदी मांडा, हाताने सोडवून पाहा, वक्र डोळ्यांसमोर आणा. जगातल्या मोठ्या विद्यापीठात बसलेला माणूस हे सांगतो, तेव्हा दहावीच्या पुस्तकाकडे निराळ्या नजरेने पाहावेसे वाटते.

पालकांसाठी

पालकांना माझी विनंती साधी आहे. मुलगा किंवा मुलगी वर्गसमीकरण सोडवत बसली असेल तर 'उत्तर आले का?' हा प्रश्न शेवटी विचारा. आधी विचारा, 'उत्तरे किती असतील?' त्यासाठी पाचसहा किमती घालून कच्चा आलेख काढायला सांगा, पाच मिनिटांचे काम आहे. मग रीतीने सोडवू द्या. आलेली उत्तरे चित्राशी ताडून पाहू द्या. आणि शाब्दिक उदाहरण असेल तर विचारा, 'यातले कोणते घ्यायचे, आणि का?' या शेवटच्या 'का'चे उत्तर देण्यासाठी तुम्हाला स्वतःला बीजगणित यायला हवे असे मुळीच नाही. पत्रा केवढा आहे, भरती कधी येते, होडीला वळायला किती जागा लागते, हे तुम्हाला मुलांपेक्षा अधिक ठाऊक असते.

गणिताचे डोके नावाची वेगळी वस्तू कोणाच्या घरात असते, असे मला इतक्या वर्षांत दिसलेले नाही. तिथीवरून वेळ काढणारा, ६० मीटर पुरणार नाहीत म्हणून आग्रह धरणारा माणूस समीकरणाचाच विचार करत असतो. त्याला 'क्ष' म्हणतात, हे कोणीतरी त्याच्या मुलांना सांगायला हवे, एवढेच.